दुपारची जाळी : एका लघुपटातील 'मी' आणि त्याचा इतिहास

१

आधुनिकतावादी कलाकृतींविषयी लिहिताना 'एकाकीपण' आणि 'स्वत्वाचा शोध' हे दोन शब्द इतक्या सहजपणे जोडीने येतात, की त्यांचा परस्परसंबंध तपासून पाहण्याची गरज समीक्षकाला फारशी भासत नाही. व्यक्ती समाजापासून तुटली की ती स्वतःच्या सन्निध येते, आणि गर्दीतून बाजूला झालेला 'मी' हाच खरा 'मी' असतो, असे एक गृहीतक या जोडीमागे असते. साठोत्तरी मराठी साहित्यविचारात अस्तित्ववादाच्या परिचयाबरोबर हे गृहीतक चांगलेच रुजले. 'परात्मता' आणि 'तुटलेपण' या संज्ञा प्रारंभी वर्णनासाठी वापरल्या गेल्या; पुढे पुढे त्या मूल्यवाचक झाल्या. कलाकृतीतील माणूस जितका एकटा, तितकी ती कलाकृती अस्सल, असा एक अलिखित दंडक त्यातून तयार झाला.

प्रस्तुत लेखात या गृहीतकाची तपासणी एका लघुपटाच्या आधारे करावयाची आहे. माया डेरेन आणि अलेक्झांडर हमीद यांनी १९४३ साली केलेला 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' हा तो लघुपट. तो सुमारे चौदा मिनिटांचा, कृष्णधवल आणि मुळात मूक असून सोळा मिलिमीटरच्या फितीवर चित्रित झाला आहे. त्याच्या शीर्षकाचा अर्थ 'दुपारची जाळी' असा करता येईल. अमेरिकेतील प्रयोगशील चित्रपटाच्या परंपरेचा आरंभ पुष्कळदा या लघुपटापासून सांगितला जातो आणि 'एका एकाकी स्त्रीचे दुःस्वप्न' असे त्याचे वर्णन केले जाते. हे वर्णन चुकीचे नाही, पण ते अपुरे आहे. एकाकीपण आणि स्वत्व यांचा जो संबंध आपण गृहीत धरतो तो या लघुपटात आढळत नाही, आणि त्याच्या इतिहासात तर मुळीच आढळत नाही, हे येथे दाखवावयाचे आहे.

२

प्रथम लघुपटात काय घडते ते पाहू. एका लांबलचक हाताने रस्त्यावर एक फूल ठेवले जाते. एका स्त्रीची सावली तेथे येते आणि तिचा हात ते फूल उचलतो. रस्त्याच्या वळणावर कोणीतरी नाहीसे होताना दिसते. ती पायऱ्या चढून एका घराच्या दाराशी येते. किल्ली हातातून निसटते, मंदगतीने उड्या घेत पायऱ्यांवरून खाली जाते; ती किल्ली उचलून आणून ती दार उघडते. आत वर्तमानपत्र पडलेले आहे. टेबलावर पाव आहे आणि त्यात खुपसलेली सुरी निसटून पडते. जिन्यावर टेलिफोनचा रिसीव्हर काढून ठेवलेला आहे. वरच्या मजल्यावर कोणी ऐकत नसताना ग्रामोफोन फिरतो आहे. ती तो बंद करते, खाली येऊन खिडकीजवळच्या खुर्चीत बसते आणि तिला झोप लागते. या पहिल्या प्रवेशात तिचा चेहरा आपल्याला दाखवलेला नाही. दिसतात ती सावली, पावले आणि हात. आपण तिच्या डोळ्यांनी वस्तूंकडे पाहतो, म्हणूनच ती आपल्याला दिसत नाही.

झोपेत तीच वाट पुन्हा सुरू होते. आता रस्त्यावरून काळ्या वस्त्रातील एक आकृती फूल घेऊन चालते आहे आणि तिच्या चेहऱ्याच्या जागी आरसा आहे. स्त्री तिच्यामागे धावते. आकृती संथपणे चालते, तरी दोघींतील अंतर कमी होत नाही. मग घर, जिना, खोली. वस्तू त्याच आहेत, पण जागा बदललेल्या आहेत. टेलिफोन होता तेथे सुरी आहे. स्वप्नातील ही स्त्री खुर्चीत झोपलेल्या स्वतःला पाहते. खिडकीशी येते तेव्हा खाली रस्त्यावर आरशाच्या चेहऱ्यामागे धावणारी आणखी एक 'ती' तिला दिसते. ती स्वतःच्या तोंडातून किल्ली काढते. तळहातावरच्या किल्लीची सुरी होते. असे आवर्तन होत होत शेवटी एकाच टेबलाभोवती तिची तीन रूपे जमतात. मध्ये किल्ली आहे. तिघी पाळीपाळीने ती उचलतात. तिसरीच्या हातात तिची सुरी होते, आणि ती सुरी घेऊन ही तिसरी झोपलेल्या पहिलीकडे चालू लागते. तिची पावले समुद्रकाठच्या वाळूवर, गवतावर, फरसबंदीवर आणि मग खोलीतल्या जाजमावर पडतात. खुर्ची काही हात अंतरावर आहे, पण तेवढे अंतर कापण्यासाठी तिला जगाचे निरनिराळे पृष्ठभाग ओलांडावे लागतात.

सुरी खाली येते त्याच क्षणी झोपलेली जागी होते आणि समोर एक पुरुष उभा असतो. ही भूमिका हमीदने स्वतः केली आहे. तो फूल उचलतो, रिसीव्हर जागेवर ठेवतो. सगळे पूर्ववत झाले असे वाटते. वरच्या खोलीत फुलाची पुन्हा सुरी होते, ती त्याच्या चेहऱ्यावर वार करते आणि चेहरा आरसा होऊन फुटतो. काचा समुद्राच्या काठावर पडतात. यानंतर पुरुष पुन्हा एकदा वाटेने येतो, फूल उचलतो, दार उघडतो. खुर्चीत ती मरून पडलेली आहे. तिच्या अंगावर काचांचे तुकडे आणि समुद्रशेवाळ आहे.

या रचनेत दोन गोष्टी लक्षणीय आहेत. येथील एकटेपण अभावाचे नाही. घरात दुसरे कोणी नाही हे खरे, परंतु तिला भेडसावणारी गोष्ट तिची स्वतःची संख्या आहे. माणसे काढून घेतल्यावर तळाशी एक खरा 'मी' उरेल, असे आपण समजतो. येथे माणसे काढून घेतल्यावर 'मी' वाढत जातो. तिघींपैकी कोणती खरी हे ठरवण्याचे साधन लघुपट आपल्याला देत नाही. दुसरी गोष्ट शेवटाची. स्वप्नातील शस्त्राने झालेला मृत्यू जागेपणी एका बाहेरच्या माणसाला दिसतो. मनात घडले ते खरे घडले याची साक्ष दुसऱ्याच्या डोळ्यांशिवाय मिळत नाही. एकाकीपणाची गोष्ट सांगणारा हा लघुपट साक्षीदारावाचून पुरा होत नाही.

३

हा लघुपट करणाऱ्या दोघांचीही नावे जन्मापासूनची नव्हती. डेरेनचा जन्म १९१७ साली कीव येथे एका ज्यू कुटुंबात झाला. तिचे नाव एलिओनोरा डेरेनकोव्स्की. ज्यूंवरील अत्याचारांना कंटाळून १९२२ साली हे कुटुंब अमेरिकेत आले आणि न्यू यॉर्क राज्यातील सिरॅक्यूज येथे स्थायिक झाले. तेथे आडनाव 'डेरेन' एवढे आखूड झाले. वडील मानसोपचारतज्ज्ञ होते. मुलीचे काही शिक्षण जिनिव्हात झाले. पुढे तिने डाव्या विचारांच्या युवक चळवळीत काम केले, आणि १९३९ साली स्मिथ कॉलेजातून इंग्रजी साहित्याची एम. ए. पदवी घेतली. फ्रेंच प्रतीकवादाचा इंग्रजी-अमेरिकन कवितेवरील प्रभाव हा तिच्या प्रबंधाचा विषय होता. ती कविता लिहीत असे आणि त्या कवितांविषयी ती समाधानी नव्हती. आपण प्रतिमांत विचार करतो आणि शब्दांत त्यांचे भाषांतर करत बसतो, कॅमेरा हाती आल्यावर भाषांतराची गरज संपली, असे तिने पुढे सांगितले. नर्तिका आणि मानववंशशास्त्राची अभ्यासक कॅथरिन डनहॅम हिच्याकडे काम करत असताना ती लॉस एंजेलिसला आली. तेथे तिची हमीदशी भेट झाली आणि १९४२ साली त्यांचा विवाह झाला.

हमीदचे मूळ नाव अलेक्झांडर हाकेनश्मीड. १९०७ साली लिंझ येथे जन्मलेला हा छायाचित्रकार प्रागच्या अवाँ-गार्द वर्तुळात वाढला. १९३० साली त्याने 'निरुद्देश फेरफटका' अशा अर्थाच्या शीर्षकाचा एक छोटा मूकपट केला. त्यात एक माणूस ट्रामने शहराच्या कडेला जातो आणि उगाच भटकतो. अखेरच्या भागात त्याची दोन रूपे होतात. एक निघून जाते, दुसरे मागे राहते. चेकोस्लोव्हाकियावरील नाझी संकटाचे चित्रण करणाऱ्या 'क्रायसिस' या १९३९ सालच्या माहितीपटात त्याचा वाटा होता, आणि त्याच वर्षी त्याला देश सोडावा लागला. अमेरिकेत हाकेनश्मीडचा हमीद झाला.

एका व्यक्तीची दोन रूपे एकाच दृश्यात आणण्याची कल्पना अशा रीतीने प्रागहून आलेली आहे, हे ध्यानात घेतले पाहिजे. १९३० साली ती एका शहरी भटक्याची लहर होती. निघून जाणारा आणि मागे राहणारा हे दोघे एकाच माणसात असतात, हे तेव्हा एक दृश्यचमत्कार म्हणून सांगता येत होते. नऊ वर्षांनी ते त्याच्या आयुष्याचे वर्णन ठरले. पुढे १९४३ साली ही कल्पना एका स्थलांतरित स्त्रीच्या हाती आली आणि तिचे दोनाचे तीन झाले. शहराच्या रस्त्यावरून ती घरात शिरली आणि तिच्यात धार आली.

'माया' हे नाव एलिओनोराने याच सुमारास घेतले. ते हमीदने सुचवले असे सांगतात. बुद्धाच्या मातेचे नाव आणि भासमान जगाची संज्ञा, असे त्याचे दोन्ही अर्थ त्यांना ठाऊक होते. थोडक्यात, पडद्यावर एका स्त्रीचे तुकडे होत असताना पडद्यामागे ती स्त्री नवे नाव धारण करत होती. लघुपटातील 'मी'चे अनेकत्व ही केवळ मनोविकृतीची खूण नव्हे. भाषा, देश आणि नाव बदललेल्या माणसांना ते अनुभवाने माहीत होते.

४

डेरेनचे वडील १९४३ साली वारले. त्यांच्या वारशातील काही पैशातून तिने एक जुना बोलेक्स कॅमेरा विकत घेतला. लघुपट राहत्या घरात, नटसंच आणि तंत्रज्ञ म्हणून नवरा-बायको दोघेच, अशा व्यवस्थेत तयार झाला. त्याला अडीच-पावणेतीनशे डॉलर खर्च आला असे सांगितले जाते. हे सगळे घडले लॉस एंजेलिसमध्ये, म्हणजे चित्रपट-उद्योगाच्या अंगणात. लघुपटाच्या आरंभी 'हॉलिवुड १९४३' अशी अक्षरे येतात. त्यातला उपरोध उघड आहे.

या साधनांचा आणि आशयाचा संबंध जवळचा आहे. बोलेक्स हा चावीने चालणारा कॅमेरा. एकदा चावी दिली की चोवीस चौकटींच्या वेगाने तो सुमारे अठ्ठावीस सेकंद चालतो. लांबलचक अखंड चित्रण त्यावर शक्य नसते, त्यामुळे अनुभव तुकड्यांतच घ्यावा लागतो आणि त्यांची सलगता संकलनात निर्माण करावी लागते. चौकटीचा काही भाग झाकून चित्रण करायचे, फीत मागे गुंडाळायची आणि उरलेल्या भागावर पुन्हा चित्रण करायचे, या युक्तीने एकच व्यक्ती एका चौकटीत अनेकदा आणता येते. वाळूपासून जाजमापर्यंतची पावले वेगवेगळ्या जागी चित्रित होतात, आणि चालण्याची गती जुळल्यामुळे ती एकाच माणसाची एकच चाल वाटते. 'सलग व्यक्ती' हा येथे तंत्राने निर्माण केलेला परिणाम आहे. एका पावलानंतर दुसरे पाऊल त्याच व्यक्तीचे आहे, हे आपण पाहत नाही; आपण ते जुळवून घेतो. या पावलांच्या दृश्यातून आपल्या पुढच्या सगळ्या कामाची दिशा सापडली, असे डेरेनने काही वर्षांनी एका पत्रात लिहिले आहे. स्वत्वाविषयीचा तिचा विचार तत्त्वज्ञानाच्या ग्रंथातून आला नाही. तो संकलनाच्या टेबलावर आला.

लघुपट नेमका कोणाचा, हा वाद पुढे बराच चालला. श्रेय दोघांचे होते, पण कीर्ती डेरेनकडे गेली. चित्रपटकार स्टॅन ब्रॅकेज याने १९८९ सालच्या आपल्या पुस्तकात हमीदच्या वाट्यावर भर दिला आणि हा मुख्यतः त्याचाच चित्रपट असल्याचे सुचवले. उलट, स्त्रीवादी अभ्यासकांनी डेरेनच्या कर्तृत्वाची बाजू कागदपत्रांनिशी मांडली. एखाद्या स्त्रीने केलेले काम तिच्या नवऱ्याच्या नावावर जमा करण्याची सवय कलेच्या इतिहासाला किती जुनी आहे, हे पाहता ही मांडणी आवश्यकच होती. डेरेनने पुढच्या चित्रपटांत हीच तत्त्वे सातत्याने विकसित केली, हा तिच्या बाजूचा सर्वांत सबळ पुरावा होय. तरीही एक अडचण राहते. खिडकीच्या काचेला तळवे टेकून बाहेर पाहणारी डेरेन, आणि काचेत पडलेले झाडांचे प्रतिबिंब, ही प्रतिमा आज तिची ओळख म्हणून जगभर छापली जाते. ती टिपली हमीदने. तिचा 'मी' आपल्याला दिसतो तो दुसऱ्याच्या डोळ्यातून. एकच नाव मागणारा हा वाद ज्या लघुपटाभोवती चालला, त्याचा सगळा रोख एकच नाव पुरत नाही हे दाखवण्याकडे होता.

५

समीक्षेने या लघुपटाला प्रथम मनोविश्लेषणाच्या चौकटीत बसवले. किल्ली, सुरी, फूल, आरसा यांचे ठरीव अर्थ लावणे सोपे होते, आणि वडिलांचा व्यवसाय हाताशी होताच. अतिवास्तववादाचा शिक्काही बसला. पी. ॲडम्स सिटनी याने १९७४ सालच्या 'व्हिजनरी फिल्म' या ग्रंथात या प्रकारच्या पटांसाठी तंद्रीचा चित्रपट अशा अर्थाची संज्ञा रूढ केली. एकटी व्यक्ती झोपेत चालल्याप्रमाणे भारलेल्या परिसरातून स्वतःकडे जाते, असा त्या प्रकाराचा साचा आहे.

डेरेनला अतिवास्तववादाचा शिक्का मान्य नव्हता आणि प्रतीकांचा कोश उघडून केलेले वाचनही मान्य नव्हते. वस्तूचा अर्थ तिच्या आधीच्या आणि नंतरच्या वस्तूंच्या संबंधातून, म्हणजे घाटातून, ठरतो, अशी तिची भूमिका होती. लघुपटातील व्यवहार याला पुष्टी देतो. किल्लीची सुरी होते आणि सुरीची किल्ली. पावातली सुरी पलंगावर सापडते. फूल कधी निमंत्रण असते, कधी शस्त्र. ज्या जगात वस्तू स्वतःच्या ओळखीला धरून राहत नाहीत तेथे त्यांच्यावर कायमचा अर्थ चिकटवणे हे लघुपटाने जे मोडून दाखवले तेच पुन्हा उभे करण्यासारखे आहे.

'सिनेमा १६' या चित्रपटसंस्थेने १९५३ साली न्यू यॉर्क येथे 'कविता आणि चित्रपट' या विषयावर परिसंवाद घेतला. त्यात डिलन टॉमस, आर्थर मिलर, पार्कर टायलर, विलर्ड मास यांच्यासमवेत डेरेन होती. तेथे तिने दोन प्रकारच्या रचनांत फरक केला. नाटक आडवे चालते. एका घटनेतून दुसरी घटना निघते. कविता उभी चालते. एकाच क्षणाच्या खोलीत ती उतरते. टॉमसने या मांडणीची थट्टा केली आणि मिलरलाही ती पटली नाही. साहित्याच्या अभ्यासकाला मात्र ती आजही उपयुक्त वाटेल. 'मेशेस'मध्ये आडव्या अंगाने जवळजवळ काहीच घडत नाही: एक स्त्री घरी येते आणि झोपते. उभ्या अंगाने तोच प्रवेश पुनःपुन्हा खणला जातो. पारंपरिक काव्यात ध्रुवपद जे काम करते, तेच येथे त्या वाटेचे पुनरावर्तन करते. फरक इतकाच, की दर फेरीला गाणारी बदललेली असते आणि आधीची निघून गेलेली नसते.

६

आता मुख्य प्रश्नाकडे येता येईल. 'मेशेस' हा एकच लघुपट पाहिला तर 'मी'च्या गुणाकाराचा शेवट आत्मनाशात होतो असे दिसते. परंतु डेरेन तेथे थांबली नाही. १९४४ सालच्या 'ॲट लँड'मध्ये समुद्राने किनाऱ्यावर टाकलेली एक स्त्री मेजवानीच्या टेबलावरून, अनोळखी घरांतून, खडकांतून बुद्धिबळाच्या एका सोंगटीचा पाठलाग करते. शेवटी सोंगटी घेऊन ती धावते तेव्हा तिची मागे राहिलेली रूपे जागोजागी उभी राहून तिच्याकडे पाहतात. येथेही 'ती' अनेक आहेत. पण कोणाच्याही हातात सुरी नाही. १९४५ च्या नृत्यविषयक लघुपटात टॅली बीटी हा कृष्णवर्णीय नर्तक रानात उचललेले पाऊल खोलीत टाकतो. 'मेशेस'मधली ती भीषण पावले येथे उड्डाण होतात.

१९४६ सालच्या 'रिच्युअल इन ट्रान्सफिगर्ड टाइम'मध्ये हे चित्र उलटते. आधी एकीच्या अनेक झाल्या होत्या, आता दोघींची एक होते. डेरेन आणि कृष्णवर्णीय नर्तिका रिटा क्रिस्टियानी या दोघी परस्परांच्या जागी येत राहतात, आणि अखेरीस निगेटिव्ह प्रतिमेत विधवेची वधू झालेली स्त्री समुद्रात उतरते. त्या काळच्या अमेरिकेत वर्णभेद कायद्याने आणि रूढीने पाळला जात होता. तेथे एक गोरी आणि एक काळी स्त्री एकाच व्यक्तीची दोन रूपे म्हणून दाखवणे, आणि शेवटी निगेटिव्हमध्ये काळ्यापांढऱ्याची अदलाबदल करणे, ही केवळ तांत्रिक गंमत म्हणता येत नाही.

त्याच वर्षी प्रसिद्ध झालेल्या 'ॲन ॲनाग्रॅम ऑफ आयडियाज ऑन आर्ट, फॉर्म अँड फिल्म' या पुस्तिकेत डेरेनने विधीविषयी जे प्रतिपादन केले, ते या लघुपटांबरोबर ठेवून वाचावयास हवे. विधीमध्ये व्यक्ती ही नाट्याचे उगमस्थान नसते, ती एका मोठ्या रचनेचा व्यक्तिनिरपेक्ष घटक होते. या निरपेक्षतेने व्यक्तीचा नाश होत नाही. उलट, खाजगी मर्यादांपलीकडे ती विस्तारते. 'मेशेस'मधील स्त्रीला जे साधले नाही ते येथे सूत्ररूपाने सांगितले आहे. तिची रूपे अनेक होती, पण ती सारी एकाच बंद घरात होती. त्यांना सामावून घेणारी रचना तिच्यापाशी नव्हती.

ती रचना शोधत डेरेन १९४७ साली हैतीला गेली. त्या वर्षी कान महोत्सवात 'मेशेस'ला सोळा मिलिमीटरच्या प्रयोगशील पटांसाठीचा पुरस्कार मिळाला, आणि त्याच वर्षी हमीदशी तिचा घटस्फोट झाला. आदल्या वर्षी तिला गुगेनहाइम शिष्यवृत्ती मिळाली होती. हैतीतील व्हूडू विधींवर चित्रपट करायचा तिचा बेत होता. तिने पुष्कळ चित्रण केले, पण तो चित्रपट तिने पुरा केला नाही. १९५३ साली तिने 'डिव्हाइन हॉर्समेन' हा ग्रंथ लिहिला. आपण कलावंत म्हणून गेलो, पण समोरच्या वास्तवाची स्वतःची अखंडता मान्य करून आपले कौशल्य बाजूला ठेवावे लागले, असे तिने त्यात सांगितले आहे. ग्रंथाच्या शेवटी एर्झुली या देवतेचा संचार स्वतःच्या अंगात झाल्याचा अनुभव तिने लिहिला आहे. मराठी वाचकाला 'अंगात येणे' म्हणजे काय ते समजावून सांगावे लागत नाही. ज्याच्या अंगात येते त्याला आपल्याकडे काही भागांत 'झाड' म्हणतात. हैतीत त्याला 'घोडा' म्हणतात. दोन्ही शब्दांमागचा अनुभव एकच: त्या वेळी 'मी' जागेवर नसतो, आणि भोवतालच्या समूहाच्या दृष्टीने ते वेड नसते. घरात एकटीचे तीन तुकडे झाले तर ते दुःस्वप्न ठरते. समूहात 'मी' रिकामा झाला तर तो उत्सव असतो.

हा प्रवास आदर्श म्हणून स्वीकारावा असे येथे सुचवायचे नाही. बाहेरून येणारा अभ्यासक दुसऱ्यांच्या विधीत स्वतःच्या प्रश्नाचे उत्तर शोधतो तेव्हा त्यात काही धोके असतात, आणि संचारात स्त्रीला मिळणारी मोकळीक क्षणापुरतीच असते हे आपल्याकडच्या अनुभवावरूनही सांगता येते. तथापि 'मेशेस'च्या कर्तीने एकाकीपणाला अंतिम सत्य मानले नव्हते, एवढे यावरून निश्चित होते.

७

आज आपण जो लघुपट पाहतो तो १९४३ चा तरी आहे काय? डेरेनचा पुढील काळातील सहचर तेइजी इतो याने १९५९ साली त्याला संगीत दिले. जपानी वाद्यसंगीताच्या वळणाचे हे तुटक स्वर बहुतेक प्रतींत ऐकू येतात. मूक प्रतीत प्रेक्षकाला स्वतःचा श्वास ऐकू येतो आणि स्त्रीचे एकटेपण त्याच्यापर्यंत येते. संगीत असलेल्या प्रतीत तिच्या प्रत्येक पावलाला कोणीतरी बाहेरून दाद देत असते. या दोन संहिता एकाच नावाने वावरतात. १९४६ च्या फेब्रुवारीत डेरेनने न्यू यॉर्कमधील प्रॉव्हिन्सटाउन प्लेहाउस भाड्याने घेऊन आपले चित्रपट दाखवले तेव्हा कार्यक्रमाला 'तीन सोडून दिलेले चित्रपट' अशा अर्थाचे नाव दिले होते. कलाकृती पुरी होत नाही, ती कधीतरी सोडून द्यावी लागते, या पॉल व्हालेरीच्या विचाराचा तो निर्देश होता. सोडून दिलेल्या या लघुपटाला नंतरच्या काळाने आपापली ओळख दिली: १९९० साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत त्याचा समावेश झाला, आणि 'साइट अँड साउंड'च्या २०२२ सालच्या समीक्षक-कौलात तो सोळावा आला. १९६१ साली, वयाच्या चव्वेचाळिसाव्या वर्षी, आर्थिक ओढग्रस्तीत वारलेल्या डेरेनला यातले काही दिसले नाही. हमीद २००४ पर्यंत हयात होता.

तेव्हा दोन कर्ते, त्यांची चार नावे, दोन शहरांतून आलेली कल्पना, सोळा वर्षांच्या अंतराने जोडलेला ध्वनी, आणि वाद घालणाऱ्या प्रत्येक पिढीचे वेगळे वाचन, इतक्या गोष्टी मिळून हा चौदा मिनिटांचा लघुपट झालेला आहे. एकाकी 'मी'चे प्रातिनिधिक चित्र म्हणून ज्या कलाकृतीकडे बोट दाखवले जाते, तिचा इतिहास पाहू गेल्यास तेथे कोणीच एकटे नाही. एकाकीपण खोटे होते असा याचा अर्थ नाही. वारशाच्या पैशातून घेतलेला कॅमेरा, सुटलेला देश, परक्या भाषेत आखूड झालेले आडनाव, हे सगळे खरे होते. परंतु एकाकीपण ही 'मी'च्या सत्याकडे नेणारी किल्ली आहे, या समजुतीला लघुपट दुजोरा देत नाही. त्याच्या जगात किल्लीची सुरी व्हायला एका चौकटीचे अंतर पुरते.

'माया' या शब्दाचा एक अर्थ डेरेनला बहुधा ठाऊक नसावा. संस्कृतातून मराठीत येताना हा शब्द केवळ भ्रमाचा राहिला नाही. माणूस माणसाला माया लावतो, म्हणजे जीव लावतो. भास आणि जिव्हाळा हे दोन्ही अर्थ मराठी बोलणारा मनुष्य एकाच शब्दात बाळगतो आणि त्यात त्याला विसंगती वाटत नाही. 'मेशेस'मधील स्त्रीने भासाचा अर्थ शेवटापर्यंत भोगला. तिच्या कर्तीने पुढची अठरा वर्षे ज्याचा शोध घेतला तो बहुधा दुसरा अर्थ असावा. आपल्या समीक्षेने 'तुटलेपण' हा शब्द वापरताना यापुढे एवढे तरी विचारावे, की जे तुटले ते कशापासून, आणि ते तुटल्याचे पाहणारा तेथे कोण होता.